टोलावरच्या तीन संकष्ट्या

हसणार नसाल तर सांगते. लेकीला मूल व्हावं म्हणून आमच्या यांनी नवस बोलला होता, एकवीस संकष्ट्या पालीच्या गणपतीला जायचं. सतरा झाल्या आणि हे गेले. तेव्हापासून गाडी इथं पोलादपूरला अंगणात, ताडपत्रीखाली. चाकंही बसलीत.

परवा बँकेचं स्टेटमेंट पाहिलं, तर त्यांच्या फास्टॅगमधून तीनदा टोल कापलेला. कॅलेंडर काढलं. तिन्ही तारखा संकष्टीच्या! मी लगेच तक्रार केली. चार दिवसांनी बँकेतल्या मुलीचा फोन आला.

"मावशी, नाक्यावरचे फोटो आलेत. गाडी तुमचीच."

"अगो, ती माझ्या डोळ्यांसमोर उभी हाय!"

"नंबर तोच आहे. चालवणारा दिसत नाही, पण आरशाला दुर्वांची जुडी बांधलीय."

"लाल दोऱ्यानं?"

"हो. तुम्हाला कसं कळलं?"

तशी जुडी हेच बांधायचे, दर खेपेला. मी खिडकीतून पाहिलं. ताडपत्री जागची हललेली नव्हती.

"मावशी, तक्रार पुढे पाठवू ना?"

"थांब गो बाय," मी म्हटलं, "अजून एक संकष्टी राहिलीय. तेवढी होऊ दे, मग पाठव."