काकासाहेबांचा नेम

न्हाई न्हाई, रखमाजी दादा, तुमी बसा तर खरं, उन्हातान्हाचे आलात, घोंगडी टाकते — पन आमच्या मान्साला दिसतच न्हाई, तर काकासाहेबांच्या गढीवर नेऊन करनार काय त्यांचं? दोन्ही डोळ्यांत फूल पडलंय. संक्रांतीपासून. हाताला धरून ताटावर बसवून राह्यले मी, खोटं बोलून मला काय मिळनार? बंदूक पायजे तर न्या की, काकासाहेबांचीच हाय ती, वळचणीला गंज खात पडलीय. आन् हे? — हे गेलेत हसनाबादला, वैदाकडं. कवा येतील? आता ते त्या वैदालाच ठाऊक!

कशाला बोलावनं धाडलंय ते कळतंय मला, येडी न्हाई मी. वाटूरच्या नाक्यावर तिरंगा घेऊन झेंडेवाले जमून राह्यले, आन् काकासाहेबांनी तिकडं हैदराबादेत सरकारला शब्द देऊन ठेवला — नाका मी सांभाळतो. बोलायचं काकासाहेबांनी, आन् बंदूक धरायची कुनी? आमच्या ह्यांनी! अवो, जन्मभर पनत्या फोडल्या त्यांनी. मान्सावर कवा रोखली न्हाई. त्या झेंडेवाल्यांत माझ्या माहेरची पोरं हायेत, दादा. तुमच्या भावकीतली बी हायेत.

हसता काय? पनत्याच की! काकासाहेबांनी ते स्प्रिंगीचं यंत्र आनल्तं ना, मातीच्या चकत्या वर फेकनारं — त्या विलायती चकत्या संपल्या दोन महिन्यात, मंग चतुराबाई कुंभारनीकडून पनत्या आनायला लागलो. यंत्राची दोरी मी ओढायची. हे म्हनायचे ‘छोड!’ — मी ओढली की पनती भुर्रकन वर, आन् वरच्या वर तिची माती. सिकंदराबादेच्या शर्यतीला नवाब काय, गोरे साहेब काय — तितं पुढं उभे काकासाहेब, रेशमी कोट घालून. आन् हे? हे मागं, कनातीआड! दोन बंदुका, पन बार एकच ऐकू आला पायजे, अशी तालीम चालायची आमच्या ह्याच रानात. काकासाहेब आभाळाला बार मारायचे, पनती फोडायचे हे. सगळ्यांना ठाऊक, पन बोलनार कोन? चांदीचे पेले गढीवर, ह्यांना एक फेटा आन् ‘वा रे पठ्ठे’. एकदा म्हनले, जातो सोडून, फौजेत घेऊन राह्यले म्हनं — तर काकासाहेब म्हनले, जा, बिलकुल जा, तू कसतोस ते रान आमचं हाय तेवढं ध्यानात ठेव. जाऊन जाऊन जानार कुठं? वेशीपसून परत आल्ते.

काय उचललंत ते? खापर हाय, टाका. दिवाळीच्या पनत्या, दुसरं काय. — आता वैशाख हाय ते मला बी कळतंय. लाल हाय? नवी दिसती? असंल बाई, उन्हानं दिसती तशी. दृष्ट काढून फोडल्या असतील कुनी. टाका ना दादा, हाताला लागंल. ताक आनू का?

काय म्हनलात? — काय म्हनलात तुमी? नेम काकासाहेबांचाच होता, आन् हे नुसते काडतुसं भरायला? कोन म्हनतं? गढीवर म्हनतात? जळ्ळं त्यांचं तोंड! अवो, काकासाहेबांना उभा बैल दिसला तरी लागायचा न्हाई! वीस वर्सं कनातीआड सडला मानूस आन् वर हे ऐकून घ्यायचं? मी ओढते दोरी, मला ठाऊक न्हाई? परवा तितं विहिरीपाशी टोपलीभर पनत्या उडवल्या मी, एक — एक खाली आली न्हाई साबूत! आन् हसले, दादा. मोठ्यानं. लगीन झाल्यापसून मी त्यांना असं हसताना पाह्यलं न्हाई. पुढं कुनी उभं न्हाई, आपला बार आपल्याला ऐकू येतोय, म्हनले, साळू, अजून एक सोड —

...

परवा म्हनजे... मागच्या साली. डोळे चांगले होते तवा.

असं नका बगू माझ्याकडं. मी बाईमानूस, बडबड करते, काय बी बोलते. तुमी ऐकलं न्हाई, दादा. सांगा ना, ऐकलं न्हाई म्हून. त्यांनी मला शपथ घातल्ती — आंधळा म्हून जगंन, पन त्या नाक्यावर उभा राह्यचो न्हाई. मीच घालवलं. माझ्याच तोंडानं घालवलं सगळं.

उठलात? ताक तरी घ्या. बरं, जावा, उन्हं कलायच्या आत जावा. काकासाहेबांना सांगा, बाई भेटली, मानूस भेटला न्हाई. तेवढंच सांगा.

दादा — खिशात काय घातलंत? दादा, तेवढं खापर ठेवून जावा. दादा —