दोर धरणाऱ्याचा तळहात

मंडळी, एक विचारतो. ज्यानं तुम्हाला आजवर पडू दिलं नाही, त्याचा तळहात तुम्ही कधी पाहिलाय? नाही ना? मग ऐका. टाळकरी, टाळ जरा खाली ठेवा, मध्येच हसू आलं तर पायावर पडतील.

डोंगराखालच्या एका वाडीत कोंडाजी नावाचा म्हातारा होता. अंगात जोर होता तोवर कड्यावर दोराला लोंबकळून मध काढायचा. आणि त्या वाडीची रीत अशी, की वर दोर धरायचा तो मेव्हण्यानंच! का? अहो, सख्खा भाऊ बांधावरून भांडलेला असतो, हात सैल सोडायचा एखादा. बायकोचा भाऊ सोडेल? खाली बहिणीचं कुंकू लटकतंय!

तर कोंडाजीचा दोर धरायचा त्याच्या बायकोचा, चांगुणाबाईचा भाऊ, बुधाजी. बारा वर्षं धरला. एके दिवशी दोर घसरला — हातभरच. कोंडाजी वर आला आणि चार माणसांत बोलला, "यानं सोडलं होतं मला." बुधाजी मुकाट घरी गेला. त्या दिवसापासून भाऊबिजेला येई, पण उंबऱ्याबाहेर. पाट ओट्यावर, बहीण आत, ओवाळणी मधल्यामध्ये. अशा अकरा भाऊबिजा झाल्या. दर वर्षी चांगुणाबाई आत दोन पानं वाढायची आणि एक झाकून ठेवायची.

बारावी भाऊबीज आली. लेकीनं घरात मोठा टीव्ही बसवला होता. चित्र काय स्वच्छ! कातळाच्या फटीतली मुंगी मोजून घ्या! त्यावर लागला कडा चढणाऱ्यांचा माहितीपट. परदेशातला उभा कडा, दोराला एक गडी, वर दोर धरून एक बाई. कोंडाजी खाटेवर, पाय हवेत.

"डावा पाय टाक. अरे डावा!"

उंबऱ्याच्या आतून ओट्यावरच्या भावाला कुंकू लावता लावता चांगुणाबाई म्हणाली, "तो काय तुमचं ऐकतोय?"

"नाही ऐकलं तर पडेल."

आणि पडला की हो!

कोंडाजीच्या तोंडून बारा वर्षांची आरोळी गेली, "दोर ताण, बुधा!"

मंडळी, बुधाजीचं वय पासष्ट. गुडघे दुखतात. पण कपाळावर अर्धं कुंकू घेऊन त्या माणसानं उंबरा ओलांडला, घरात आडवी बांधलेली कपड्यांची दोरी धरली, चौकटीला पाय लावला आणि मागे रेलला! चड्ड्या, टॉवेल, लुगडी, सगळं ताणून धरलंय. अन् दोघांचे डोळे टीव्हीवर.

टीव्हीत वरच्या बाईचा हात दिसला. हातमोजा फाटलेला. दोर हातभर घसरला होता आणि तळहाताचं कातडं घेऊन गेला होता. तरी मूठ मिटलेली.

कोंडाजीनं एकदा टीव्हीकडं पाहिलं, एकदा मेव्हण्याकडं. खाली लटकणाऱ्याला वरचं दिसतंय कुठं, मंडळी? तेवढ्यात दोरी तुटली. बुधाजी बसला जमिनीवर, चांगुणाबाईचं लुगडं बसलं टीव्हीवर.

"हात दाखव," कोंडाजी म्हणाला.

"कशाला?"

"दाखव म्हणतो ना."

दोन्ही तळव्यांवर आडवा, पांढरा, जुना वण.

"त्या दिवशीचा?"

"मधमाश्या माझ्या डोळ्यावर बसल्या होत्या."

"मग बोलला का नाहीस?"

"तू विचारलं कुठं? तू सांगून मोकळा झालास."

कोंडाजी खाटेवरून उतरला, मेव्हण्याशेजारी जमिनीवर बसला आणि ते हात त्यानं मांडीवर घेऊन ठेवले. चांगुणाबाईनं डोळे पुसले नाहीत. तिनं झाकलेलं पान उघडलं. "आत आलाच आहेस, तर आता जेवून जा. आणि दोरी नवीन आणून बांधा, दोघांनी मिळून."

तर मंडळी, आज घरी जाल. पुढ्यात ताट येईल. ते वाढणारा हात एकदा उलटा करून बघा. आणि तुमच्या मनात जर कुणाचं 'यानं सोडलं होतं मला' असं साठलं असेल, तर आधी त्याला विचारा. टीव्ही घ्यायची वाट बघू नका, महाग आहे.

काय म्हणता, आजी? तो टीव्हीतला गडी वर पोचला का? अहो, कुणाला ठाऊक, टीव्हीवर लुगडं पडलं होतं! पण दोर धरणारी होती ना वर? मग पोचला असणार.