झेलायला मी

तुम्ही सगळ्या म्हणता, आता तुला कसली काळजी, नवरा स्टंट मास्टर झाला! खरं आहे. पंधरा वर्षं हे सिनेमात हिरोच्या बदली उड्या मारायचे. आता उड्या दुसरे मारतात, हे नुसतं शिकवतात. मलाही वाटलं, सुटले एकदाचे.

परवा आमची चार वर्षांची चिंगी बलकावाच्या, म्हणजे घरापुढच्या ओसरीच्या, कठड्यावर चढली. "बाबा, माका झेल!"

हे म्हणाले, "थांब, गादी हाडतंय." गादी आणली, वर तीन उशा रचल्या, पायाने दाबून बघितल्या.

मी ओरडले, "अहो, हे शूटिंग न्हय! पोरगी तुमची. हात पसरा आणि घ्या तिला!"

ते जवळ येऊन हळूच म्हणाले, "दोनय खांदे गेले गो माझे. वजन झेलूक जमना. कोणाक सांगू नको. कळला तर ह्या काम पण जातला."

तुम्हाला सांगतेय, पण हे आपल्यातच ठेवा हं. मग मीच पुढे होऊन तिला झेललं. माझ्या गळ्यात हात टाकून ती विचारते, "आई, मी बाबाक आवडणंय नाय?"

खरं सांगावं, तर चार वर्षांच्या पोरीच्या तोंडात काय राहणार? मी तिचे केस सारखे करत राहिले. हे तिथेच उशा उचलत होते. त्यांनी ऐकलं, आणि ते उशा घेऊन आत गेले.