रेमिस, एक सामना चुकव

आजच्या सभेच्या अध्यक्षा, आपल्या नगराध्यक्षा सन्माननीय गुदेलिएनेबाई. गांद्रास बास्केटबॉल क्लबचे अध्यक्ष माननीय नोर्कुससाहेब. ज्यांची शिट्टी आठवली की अजूनही मी ताठ उभा राहतो ते आमचे ट्रेनर झिग्मास. फुलांच्या एवढ्या गुच्छांआड जेमतेम दिसणारे आजचे सत्कारमूर्ती आणि माझा मित्र रेमिगियुस बुद्रेका, म्हणजे आपला रेमिस. पहिल्या रांगेत बसलेली त्याची पत्नी यूराते. आणि बाहेर एवढा बर्फ पडत असतानाही संस्कृती भवनाच्या पायऱ्या चढून आलेल्या माझ्या गावकरी बंधुभगिनींनो,

निवेदकांनी माझी ओळख ‘बुद्रेका यांचे सहकारी खेळाडू वितेनिस पाउक्श्ते’ अशी करून दिली. हा त्यांचा सभ्यपणा. सहकारी कसला? मी रेमिसचा राखीव खेळाडू होतो. तो बास्केटखाली उभा राहायचा आणि मी बेंचवर, टॉवेलशेजारी. राखीव खेळाडूचं काम काय असतं हो? दुसऱ्याचा पाय मुरगळण्याची वाट पाहायची आणि तसं चेहऱ्यावर दिसू द्यायचं नाही. हे काम मी अकरा हंगाम केलं. आता गाडी चालवायला शिकवतो, म्हणजे आजही बाजूच्याच सीटवर बसतो.

पण आज गंमत बघा. या सभागृहाच्या पायऱ्या मी दोन-दोन करून चढलो. माझे गुडघे अगदी दुकानातून आणल्यासारखे आहेत, वापरलेच नाहीत ना कधी! आणि ज्याचा फोटो बाहेर दोन मजली उंचीचा लावलाय, त्याला मागच्या दारानं, सामान चढवायच्या लिफ्टनं वर आणावं लागलं. हे तुम्हाला कुणी सांगितलं नाही. नोर्कुससाहेब, माझ्याकडे असं पाहू नका, मी सगळं आदरपूर्वकच बोलणार आहे.

माझी आई झारासायला राहायची. दर सामन्यानंतर तिचा फोन यायचा.

“आज तरी खेळलास का रे?”

“नाही गं आई. रेमिस ठणठणीत आहे.”

“देव त्याला तसाच ठेवो,” ती म्हणायची. मग हळूच, “पण एखाद्या दिवशी साधी सर्दी झाली त्याला, तर काय बिघडणार आहे?”

अशी सर्दी झाली एकदा. म्हणजे न्यूमोनियाच झाला. क्लाइपेदाच्या संघाशी सामना होता आणि डॉक्टरांनी त्याला इस्पितळात अडकवून ठेवला. मी खेळलो! मंडळी, तुमच्यापैकी कुणाला तो सामना आठवतो? नाही ना? मला त्यातला प्रत्येक चेंडू आठवतो. आपण जिंकलो. दुसऱ्या दिवशी बाजारात मासे विकणारी बाई म्हणाली, “छान खेळलास हो वितेनिस. आता रेमिसला कसं आहे?” पाववाला म्हणाला, “शाबास! रेमिस कधी येतोय?” मी काळा पाव घेतला आणि घरी आलो.

संध्याकाळी सरावाला गेलो, तर हा आधीच तिथे हजर. इस्पितळाची पट्टी मनगटावर तशीच, तोंड पांढरंफटक, आणि बास्केटखाली एकटाच चेंडू टाकत होता. मी म्हटलं, “अरे, मरायचंय का तुला? तुला सोडलं कुणी?”

“कुणी नाही. खिडकीतून आलो.”

“का पण?”

“रेडिओवर ऐकला सामना,” तो म्हणाला. “चांगला खेळलास.”

“मग? चांगला खेळलो म्हणून तू आजारातून उठलास?”

“हो,” तो म्हणाला. “म्हणूनच उठलो. माझ्याशिवाय जिंकायची यांना एकदा सवय लागली की मी संपलो, वितेनिस.”

लोखंडी माणूस, न थकणारा, न मोडणारा, अशी विशेषणं वर्तमानपत्रांनी त्याला वर्षानुवर्षं लावली. आजही चार वक्त्यांनी लावली. मी त्याच्या शेजारच्या कपाटात कपडे बदलत होतो. माझं ऐकाल तर रेमिस लोखंडाचा नव्हता. तो घाबरलेला होता. सामना चुकला की लोक विसरतात, ही ती भीती. आणि ती खोटी होती असं मला तरी कसं म्हणता येईल? मला तर लोक रोजच विसरत होते.

आता आपल्या गावाविषयी थोडं बोलतो. अध्यक्षबाईंनी वेळेची आठवण करून दिली आहे, खाली शाकोतिस केक कापायचा खोळंबला आहे हेही मला ठाऊक आहे. पण हे बोलल्याशिवाय मी खाली बसणार नाही.

अख्ख्या लिथुआनियात एक रीत फक्त आपल्या हॉलमध्ये आहे. स्वातंत्र्यानंतरच्या त्या पहिल्या हिवाळ्यांत हॉल गरम करायला इंधन नसायचं. लोक कोट, टोप्या घालून सामने बघायचे आणि ऊब यावी म्हणून लाकडी फळ्यांवर पाय आपटायचे. पुढे इंधन आलं, पण पाय आपटणं राहिलं. आपला खेळाडू जमिनीवर पडला की सगळा हॉल पाय आपटायला लागतो, आणि तो उठेपर्यंत थांबत नाही. बाहेरगावचे पंच घाबरतात. टीव्हीवाले मुद्दाम ते चित्रण घेऊन जातात. आपल्याला केवढा अभिमान त्याचा! कपडे बदलायच्या खोलीबाहेर स्ट्रेचर टांगलेलं आहे, त्यावर आपण कुणाला कधी नेलं नाही. त्याच्यावर मुलं कोट अडकवतात. पाहुण्यांना आपण कौतुकानं सांगतो, आमच्या हॉलमध्ये स्ट्रेचर लागत नाही.

बरोबर आहे, लागत नाही. पण कधी विचार केलात का, लागत का नाही?

उपांत्य सामना तुम्हा सगळ्यांना आठवतो. पोस्टरवर छापलाय तोच क्षण. काय झालं होतं ते मी बेंचवरून, अगदी जवळून पाहिलं. रेमिस उडी मारून खाली आला तो वाकड्या पायावर. गुडघा जिकडे वाकायचा नसतो तिकडे वाकला. आवाजसुद्धा आला. झिग्मास ट्रेनरांनी मला खूण केली आणि म्हणाले, “जाकीट काढ.” मी काढलं. ट्रेनर, आठवतंय ना? तेवढ्यात फळ्या वाजायला लागल्या. आधी मागच्या रांगेत, मग बाजूला, मग सगळीकडे. रेमिस जमिनीवर पडून छताकडे बघत होता. मग त्यानं एक हात टेकला. मग दुसरा. आणि तो उठला.

ट्रेनर मला म्हणाले, “घाल परत.”

आपण जिंकलो. गावभर रात्रभर गाड्यांचे भोंगे. तुम्ही म्हणता, तो आमच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा आनंद. खरं आहे, आनंद तुमचाच होता. गुडघा त्याचा होता. डॉक्टर म्हणाले होते, हंगाम सोड. तो पुढच्याच सामन्याला हजर झाला. मग उजवा पाय सांभाळायला डाव्यावर जोर, डावा दुखला तेव्हा कमरेवर जोर, असं करत करत शेवटी डाव्या खुब्याचा सांधा पार झिजला. हे एका दिवसात झालेलं नाही. प्रत्येक वेळी तो पडला, प्रत्येक वेळी आपण फळ्या वाजवल्या, आणि प्रत्येक वेळी तो उठला. आपल्याला वाटलं, आपण त्याला बळ देतोय.

या सप्टेंबरात आम्ही रानात अळंबी गोळा करायला गेलो होतो. दरवर्षी जातो. या वेळी रेमिस गाडीतच बसला. दार उघडं ठेवून, मांडीवर वर्तमानपत्र पसरून, आम्ही आणलेली अळंबी साफ करत बसला. एवढा मोठा माणूस, हातात केवढासा चाकू. मी टोपली ओतली की म्हणायचा, “यातली निम्मी विषारी आहेत रे, गाढवा. तू अजूनही राखीवच.” हसला. मीही हसलो. पण घरी येताना मी गाडी एकेक खड्डा चुकवत चालवली.

मागच्या आठवड्यात त्यांच्या घरी गेलो. यूरातेनं पलंग खाली, स्वयंपाकघराशेजारी आणलाय. तिनं बीटचं सूप वाढलं आणि माझ्यासमोरच त्याला म्हणाली, “सांग याला डॉक्टर काय म्हणाले ते. माझं तर तू ऐकत नाहीस.”

“सोमवारी कापणार,” रेमिस म्हणाला. “काउनासला. नवा सांधा बसवणार.”

“तोपर्यंत?” यूराते म्हणाली. “सांग ना, तोपर्यंत काय करायचं नाही ते!”

त्यानं सांगितलं नाही. तिनं सांगितलं. उडी नाही, धक्का नाही. आता जर तो त्या बाजूवर पडला, तर हाड असं फुटेल की नवा सांधा धरायला जागाच उरणार नाही. मग चाकाची खुर्ची, कायमची.

आणि उद्या निरोपाचा सामना आहे. पोस्टरवर काय लिहिलंय तुम्ही वाचलंच आहे, ‘शेवटचं मिनिट बुद्रेकाचं.’ तिकिटं संपली आहेत.

मी म्हटलं, “जाऊ नकोस. हात हलव, फुलं घे, घरी ये.”

“एकच मिनिट तर आहे.”

“त्या मिनिटात समोरचा पोरगा तुझ्या अंगावर आला तर?”

“नाही येणार. सांगून ठेवलंय.”

“आणि पाय सटकला तर?”

त्यानं सुपाची वाटी बाजूला सारली. मग म्हणाला, “वितेनिस, ते माझं नाव पुकारणार. सगळा हॉल फळ्या वाजवणार. आणि मी काय करू, बसून राहू?”

“हो! बसून राहा!”

“तुला जमतं ते,” तो म्हणाला. “तुला सराव आहे.”

मंडळी, अकरा वर्षांत तो मला एवढं लागेल असं कधी बोलला नव्हता. मी चमचा खाली ठेवला. राग त्याचा आला, आणि रागापेक्षा जास्त कीव आली. बसून राहणं ही काय एवढी अवघड गोष्ट आहे? पण त्या माणसाला सगळं शिकवलं गेलं आणि हे तेवढं शिकवायचं राहिलं. दारापर्यंत सोडायला यूराते आली. ती म्हणाली, “मला त्याच्या नावाची जर्सी हॉलच्या छताला मानानं टांगलेली नकोय. शनिवारी बाजारात माझ्यासोबत पिशवी धरून चालणारा माणूस हवाय. तू सांग ना गावाला. मी सांगितलं तर म्हणतील, बायको आहे, रडणारच.”

म्हणून मी आज बोलायला उभा आहे.

आता एक गोष्ट उघड सांगतो आणि त्याबद्दल नोर्कुससाहेबांची आधीच क्षमा मागतो. मघाशी जिन्यात साहेब मला म्हणाले, “शेवटी सगळ्यांना पाय आपटायला लाव. रेमिस उठेल, उद्या खेळणार म्हणून जाहीर करेल. टीव्हीवाले तयार आहेत.” साहेब, तुमचा हेतू चांगला आहे. तुमचं क्लबवर प्रेम आहे. पण मी तसं सांगणार नाही. मी उलटी विनंती करणार आहे.

गावकऱ्यांनो, उद्या त्याचं नाव पुकारलं जाईल, तेव्हा पाय हलवू नका. एवढंच. तुम्हाला रडायचं असेल तर रडा, गाणं म्हणा, टोप्या हवेत उडवा. पण फळ्या वाजवू नका. तो आवाज त्याच्या कानात गेला की त्याला स्वतःचं हाडसुद्धा आठवत नाही.

आणि रेमिस, आता तुझ्याकडे वळून बोलतो. खाली बघू नकोस. तुझ्या प्रत्येक सामन्याला मी जाकिटाची चेन अर्धी उघडी ठेवून बसलो, आणि तो न्यूमोनिया सोडला तर तू एकदाही मला वाट दिली नाहीस. तक्रार नाही. तुझ्याएवढा चांगला मी नव्हतोच. पण उद्याचा सामना तू चुकव. माझ्यासाठी चुकव. ते शेवटचं मिनिट मला दे. पोट सुटलंय माझं, चेंडू हातात राहील की नाही देव जाणे, लोक हसतील. हसू देत. तू बेंचवर बस, यूराते शेजारी बसेल, आणि एकदा तरी तू माझा खेळ बघ. एवढं एक मागतोय. सोमवारी मीच तुला गाडीनं काउनासला नेईन.

त्यानं मान हलवल्यासारखं वाटलं मला. हलवलीस का? यूराते, तू पाहिलंस का?

कोण आहे ते? मागे कोण पाय वाजवतंय? प्रानासकाका, तुम्ही का? अहो, आत्ता काय सांगितलं मी! मला कळतंय, तुमच्या डोळ्यांत पाणी आहे, तुम्हाला प्रेमानंच… नाही, नाही, तुम्ही सुरू करू नका. त्या बाजूचे लोक, कृपा करा. ही फळ्यांची जमीन आहे, सगळं इथपर्यंत जाणवतं. अध्यक्षबाई, सभेला जरा शांत राहायला सांगा. नोर्कुससाहेब, तुम्हीसुद्धा?

रेमिस, बस. खुर्चीचा हात सोड. रेमिस, मी हात जोडतो, बस रे. तुला उठायला कुणी सांगितलेलं नाही, हा नुसता आवाज आहे.

बरं. माझं बोलणं आता मागच्या रांगांना ऐकू येत नसेल, तरी रिवाजाप्रमाणे पुरं करतो. मला इथे बोलायची संधी दिल्याबद्दल मी संयोजकांचा आभारी आहे. बोलण्याच्या भरात कुणाचा अवमान झाला असेल तर मोठ्या मनानं पदरात घ्या. यूराते, तुझी क्षमा मात्र मी या सगळ्या गावाच्या वतीनं मागतो, कारण गावाला आत्ता तेवढी सवड नाही. आणि व्यासपीठावरच्या मान्यवरांनो, तेवढ्या टाळ्या थांबवा आणि कुणीतरी त्याला धरा.