तळ्याचे बिल्ले

लेक: बाबा, ती कात्री आधी खाली ठेवा.

बाबा: का गं? कापड अंथरून झालं, खडूच्या रेघा मारून झाल्या. आता कापायचं तेवढं राहिलंय.

लेक: रेघा बघितल्या मी.

बाबा: मग?

लेक: पाठीच्या शिवणीपाशी रेघ हललीय.

बाबा: खडू बोथट होता.

लेक: खडू काल मीच तासून ठेवला होता, बाबा.

बाबा: तुझं आज बिनसलंय काय? सकाळपासून तोंड पाडून फिरतेयस. अगं, बँडमास्तर आपलं किती जुनं गिऱ्हाईक! आता निवृत्त होतोय. वाजवणाऱ्या पोरांनी वर्गणी काढून त्याला हे कापड घेऊन दिलं. मी आजारी पडलो तरी दुसऱ्या शिंप्याची पायरी चढला नाही. म्हणाला, तुझा हात लागला तरच कोट अंगात घालीन, नाहीतर जुन्यावरच निरोप घेईन.

लेक: म्हणूनच म्हणतेय ना. हे कापड पुन्हा मिळायचं नाही. ती गिरणीच बंद झालीय. एकदा कात्री वाकडी गेली की संपलं.

बाबा: का जाईल वाकडी? व्यायामवाल्या बाई काय म्हणाल्या होत्या, आठव. हातावरून वारं गेलेल्या माणसानं मनाला विचारू नये, मन थापा मारतं. आकड्याला विचारावं. तो मऊ चेंडू दाबत बसायचं मला काही जमेना, तेव्हा तूच टीव्हीला हा मासे धरून बिल्ले मिळवायचा खेळ जोडून दिलास. बाई म्हणाल्या, हेही चालेल, हजार बिल्ले झाले की कात्री धरा. काल रात्री हजार झाले! सुरुवातीला दिवसभर गळ टाकून बसलो तरी चार मिळायचे, तेही खेळातल्या त्या टपरीवाल्या कासवाला दया आली तर.

लेक: बाबा, त्या हजारांचंच सांगायचंय मला.

(आई चहाचे कप घेऊन आत येते.)

आई: झालं का सुरू तुमचं तळं? तिकडे खेळातल्या राक्षसानं अर्धं राज्य जाळलं, राजा बिचारा वाट बघून म्हातारा झाला, आणि आमचे शूरवीर मासे धरतायत.

बाबा: राक्षस मारायला दुसरे आहेत. मला तळंच बरं. त्या कासवाच्या टपरीवर राज्यातलं सोन्याचं नाणं चालत नाही, माहितेय तुला? फक्त तळ्याचा बिल्ला. आणि बिल्ला मासा धरल्याशिवाय मिळत नाही. अंगठा दाबून धरायचा, माशानं हिसका दिला की सैल सोडायचं, पुन्हा दाबायचं. वशिला नाही, ओळखपाळख नाही. हातानं मिळवलं तेवढंच आपलं.

लेक: नाही हो बाबा.

बाबा: काय नाही?

लेक: ते सगळे तुम्ही मिळवलेले नाहीत.

बाबा: मग कुणी? कासवानं?

लेक: मी. तुम्ही झोपलात की मी बसायचे खेळायला. तुमच्याच नावानं.

आई: आज कशाला गं हे? चहा तरी घेऊ दे त्यांना.

लेक: आज नाही तर कधी, आई? कापड कापल्यावर?

बाबा: थांब. तू बोल. कधीपासून?

लेक: तुम्ही तो रिमोट भिंतीवर फेकलात ना, त्या दिवसापासून. एक मासा धरला नव्हता तुम्ही दिवसभरात. म्हणालात, दुकानाला कुलूप लावा, मशीन विका, मला एका कोपऱ्यात बसवा नि विसरून जा. मग मी थोडे टाकले. अगदी थोडेच. सकाळी तुम्ही आकडा बघितलात आणि शीळ घातलीत. किती दिवसांनी घातलीत! चहाचा कप उजव्या हातानं उचललात.

बाबा: सांडला होता तो.

लेक: अर्धा सांडला. पण उचललात ना! मग मी थांबणार कशी? नाही टाकले तर दुसऱ्या दिवशी आकडा अडणार, तुमचं तोंड उतरणार. धरलं तर चावतंय, सोडलं तर पळतंय, अशी गत झाली माझी.

बाबा: तुझे किती त्यातले?

लेक: निम्मे असतील. निम्मे तुमचेच आहेत बाबा, शपथ.

आई: निम्मे नसतील गं.

लेक: म्हणजे?

आई: म्हणजे मीपण बसायचे. दुपारची, यांचा डोळा लागला की.

लेक: तू? तुला तर टीव्हीचा आवाज कमी करता येत नाही!

आई: नाही येत. म्हणून तर तासन्‌तास बसावं लागायचं. अर्धा वेळ तो आपला माणूस झाडावर जाऊन आपटायचा, आणि पाण्यात पडला की मला बाहेर काढता यायचा नाही. पण चिकाटीनं काढले. तू मावशीकडे राहायला गेली होतीस ना, तेव्हा आकडा जागचा हलेना. हे आपले बसलेत अंगठा दाबत, कपाळावर घाम, आणि आकडा काही केल्या...

बाबा: बोल की. थांबलीस का?

आई: काही नाही. चहा गार होतोय.

बाबा: म्हणजे तुम्ही दोघी नसाल तर माझा हात शून्य.

आई: शून्य कसा असेल हो? एखाद-दुसरा तर यायचाच.

लेक: बाबा.

आई: अहो, चहा तरी घ्या.

लेक: ओरडा माझ्यावर.

बाबा: ओरडून काय करू? जन्मभर लोकांची मापं घेतली मी. एवढं पोट सुटलेला माणूस श्वास रोखून उभा राहायचा, म्हणायचा, मास्तर, जरा कमीच लिहा. कधी लिहिलं नाही. जे माप ते माप, नाहीतर कोट दगा देतो. आणि माझं माप घ्यायची वेळ आली, तर घरातल्याच दोघींनी टेप सैल धरली.

लेक: चुकलं माझं, बाबा. खरंच चुकलं.

आई: माझं नाही चुकलं.

लेक: आई!

आई: नाही चुकलं. खरं ते बोलते. हा माणूस जेवत नव्हता. ताट समोर ठेवलं की भिंतीकडे तोंड करायचा. आकडा वाढला त्या दिवशी मागून घेऊन जेवला. मला काय करायचंय तुमच्या मापाशी? मला जेवणारा नवरा हवा होता. आकडा खोटा तर खोटा.

बाबा: जेवलो ते मात्र खरं.

आई: मग?

बाबा: मग काय, बोलायची सोयच ठेवली नाहीस तू. लेकी, टीव्ही लाव.

लेक: आत्ता?

बाबा: लाव. कासवाच्या टपरीवर चल. आजवर एक बिल्ला खर्चला नाही मी. खर्चला तर आकडा उतरेल, उतरला तर हात उतरल्यासारखा वाटेल, म्हणून जपून ठेवले. तापाचा काटा बघावा तसा रोज बघायचो. आता उडवायचे. सगळे.

लेक: सगळे? अहो, त्यात तुमचेही आहेत.

बाबा: असतील. पण दुधात पाणी पडलं की दूध कुठलं नि पाणी कुठलं, कोण निवडणार? शून्यावर आण. तिथून पुढे जे येईल ते माझं. बोल, सगळ्यात महाग काय आहे?

लेक: ढोल. वाजवला की तळ्यातले बेडूक नाचतात.

बाबा: घे.

लेक: कशाला पण?

बाबा: बेडकांना नाचू दे की. आमच्या घरात सगळे नाचवतातच. पुढे?

लेक: घोड्याची झूल. लाल मखमलीची.

आई: घोडा आहे का यांच्याकडे?

लेक: नाही.

बाबा: घे. थांब, जवळून दाखव. काय ही काठाची शिवण! उसवलीय बघ इथं. कुणी शिवली ही? कासवानंच शिवली असणार. घे तरी.

आई: ती हिरवी टोपी बघा ना, पिसाची. माझ्या माणसाला शोभेल.

बाबा: कुठल्या माणसाला? खेळातल्या की घरातल्या?

आई: घरातल्याला काही घातलं तरी शोभत नाही.

बाबा: घे टोपी! हिच्यासाठी दोन घे.

लेक: कंदील आहे, शिट्टी आहे, बोलणारा भोपळा आहे.

आई: बोलतो काय तो?

लेक: "पुढे जा, वीरा," एवढंच.

आई: मग तो घ्याच. मी इतके दिवस तेच सांगतेय, माझं कुणी ऐकत नाही.

लेक: झालं. आता सात उरले. सातमध्ये काही येत नाही, फक्त माशांचा चारा. एका बिल्ल्याला एक मूठ.

बाबा: मग सात मुठी टाक. बिचाऱ्यांना तिघांनी मिळून छळलंय.

लेक: झालं, बाबा. शून्य.

बाबा: शून्य. बरं दिसतं गं. स्वच्छ दिसतं. आण तो रिमोट. आणि दोघी त्या पाटावर बसा, हात मांडीवर ठेवून. हात दिसले पाहिजेत मला.

आई: चोरावर पहारा!

बाबा: चोरांवर. दोन आहेत.

लेक: गळ टाका, बाबा. थोडा उजवीकडे. हं. आता थांबा.

बाबा: थांबतोय. मला शिकवू नकोस.

लेक: आला! दाबा, दाबा!

बाबा: दाबतोय... गेला.

आई: जाऊ दे. आणखी पुष्कळ आहेत. आत्ताच तर जेवलेत सगळे, भूक कमी असेल.

लेक: पुन्हा टाका. सावकाश. ओढतोय, सैल सोडा. आता धरा. धरा बाबा, धरा!

बाबा: अंगठा घसरला. घाम आलाय. पुस गं जरा.

आई: पुसते. पुरे करू या का?

बाबा: नाही. अजून एक.

लेक: मी काही बोलत नाही आता.

आई: मीपण डोळे मिटून बसते.

बाबा: डोळे उघड. बघायला हवंय कुणीतरी. हा आला. ये बाबा, ये. ओढ. किती ओढतोस ते बघतो. सैल... सैल... हां. आता. आता नाही सोडत. नाही सोडत तुला.

लेक: बाबा! आला! आला वर!

आई: केवढा आहे? मोठा आहे?

लेक: बोटभर आहे, आई.

बाबा: कासव किती देतंय?

लेक: दोन.

बाबा: दोन?

लेक: दोन बिल्ले.

बाबा: हे माझे.

आई: तुमचेच. आम्ही हात लावला नाही, देवाशपथ.

बाबा: मग आता नीट ऐका. दोन बिल्ल्यांच्या हातानं कोट कापता येत नाही. लेकी, बँडमास्तरला फोन लाव. खरं काय ते सांग. हात अजून कच्चा आहे, पण कोट होईल, वेळेत होईल. फक्त कात्रीवर एकाचा हात नसेल, दोघांचा असेल. चालत असेल तर बघ म्हणावं.

लेक: दोघांचा म्हणजे? दुसरा कुणाचा?

बाबा: भोपळ्याचा. तुझा, आणखी कुणाचा?

लेक: मला कापता येत नाही, बाबा. शिवायला शिकवलंत, काजं करायला शिकवलंत. कात्रीला हात लावू दिला नाहीत कधी.

बाबा: नाही दिला. वाटायचं, कापणं तेवढं माझं राहू दे. तेही दिलं तर मी दुकानात कशाला बसायचं? जीव अडकला होता गं त्यात. लाव फोन.

लेक: लावते... हॅलो, काका? हो, मीच... बाबांचं एक सांगायचं होतं... हो... नाही, हात अजून पुरता आला नाही... हो, आम्ही दोघं मिळून... बरं. बरं, सांगते. ठेवते, काका.

बाबा: काय म्हणाला?

लेक: म्हणाले, बाजा वाजवायला छाती एकाची नि बोटं दुसऱ्याची चालत नाहीत, पण कोटाला चालतील. आणि म्हणाले, बापाला सांग, खिसे खोल ठेव, जुन्यातून रुमाल पडायचा.

आई: भला माणूस.

बाबा: ते कापड गुंडाळून ठेव आता. जुनी चादर आण, जाड बघून. आधी तिच्यावर हात बसू दे. हं. कात्रीच्या कड्यांत बोटं घाल. मनगट टेबलाला टेकव, उचलू नकोस. पातं पूर्ण मिटायचं नाही, टोकाशी थोडं उघडं असतानाच पुढे सरकायचं. आता माझा हात तुझ्या हातावर.

लेक: असा?

बाबा: असा. दाब. मीपण दाबतो. चल पुढे. घाई नको. बघ, कशी सरळ चाललीय.

लेक: आई गं! बाबा, दुखतंय.

बाबा: दुखतंय?

लेक: कड्यात बोटं चेपतायत माझी. किती जोरात दाबताय!

बाबा: खरं सांगतेस? का पुन्हा मला बरं वाटावं म्हणून?

लेक: खरंच दुखतंय, बाबा. बघा ना, लाल झालीत.

आई: अहो, मग सोडा की तिचा हात!

बाबा: सोडतो. जरा थांब. सोडतो.