आधी तुमचा हात द्या

मंडळी, वैद्यबुवांच्या तेराव्याला तुम्ही सगळे आलात आणि बोलायला मला उभं केलंत. मला अक्षरओळख जेमतेम. पण आम्ही बुधवार पेठेत एका बोळातले. मी नाही बोलायचं, तर कोणी?

सरकारवाड्यातून बुवांना पालखी यायची. तरी आमच्या ओसरीवर चटईवरच बसत. नाडी बघून पुढचं दुखणंही ओळखत. तरुणपणी सांगूनही टाकत. माझ्या दिराला म्हणाले, "म्हातारपणी पोट छळेल." झालं! दिरानं जन्म पेजेवर काढला. पोट कधी छळलं नाही, पुरणपोळी मात्र गेली ती गेलीच. ते बघून बुवांनी नेम केला. ज्याचा हात, त्यालाच सांगायचं. तेही त्यानं विचारलं तर.

मग आमच्या नातीची, गोदीची सोयरीक निघाली. हडपसरच्या विहीणबाई बुवांना घेऊनच मुलगी बघायला आल्या. तशी चालच आहे ना आपल्यात! बुवांनी गोदीचा डावा हात धरला.

"हिला पुढे काही होणार का? आत्ताच सांगा," विहीणबाई म्हणाल्या.

बुवांनी गोदीचा हात खाली ठेवला.

"आधी तुमचा हात द्या."

विहीणबाईंनी हात पदराखाली घेतला. "माझा कशाला?"

"मग हिचा कशाला?"

लग्न झालं. मी हळूच विचारलं, "अहो बुवा, मला तरी सांगा. मी आजी तिची."

"आजी आहात ना? मग लाडू वळा."

गोदीनं त्यांना विचारलं की नाही, ते तिचं तिला ठाऊक. ती बघा, तिथे बसलीय. मांडीवर माझा पणतू. काय हसतो गुलाम! हो, हो, आज असं बोलू नये. बुवांना चाललं असतं.

पण आज सकाळी विहीणबाई त्याला घेऊन बुवांसारखीच नाडी बघणाऱ्या त्यांच्या मुलाकडे गेल्या. "याचं पुढचं सांगा," म्हणाल्या. यशवंता, तू म्हणालास, सभेनंतर बघू. म्हणून इथेच बोलते. बाळाला ताप आला तर धावत ये. पण पुढचं? ते अजून बोलतही नाही. त्याला हवंय की नको, कोणाला विचारशील?

विहीणबाई, रागावू नका. तुम्ही हात पदराखाली घेतलात. त्याला पदर आहे का?

आता सगळे बुवांना हात जोडू या. गोदे, बाळाचा हात तुझ्या मुठीत धर. बुवा, माझा नमस्कार घ्या.