खोली भरली आहे

भिमाजी : त्या पत्राला मी उत्तर दिलं नाही, धनश्री. एकतीस वर्षं झाली. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल.

धनश्री : मामा, मी वायफायचा पासवर्ड विचारला होता.

भिमाजी : हो, तो आहे. एका चिठ्ठीवर लिहून पुस्तकात खुणेला ठेवलाय.

धनश्री : कुठल्या पुस्तकात?

भिमाजी : ते आता आठवत नाही.

विजयमाला : घ्या. भिंगारच्या शाळेत बत्तीस वर्षं पुस्तकं सांभाळली, आन् घरात एक कागूद सापडंना.

धनश्री : राहू दे मामी, राउटरच्या पाठीवर छापलेला असतो. राउटर कुठंय?

विजयमाला : कपाटात, पुस्तकांच्या मागं. धूळ बसती म्हनून टोपडं इनलंय त्याला.

धनश्री : लोकरीचं?

विजयमाला : मग काय गोणपाटाचं? थंडीत बरं पडतं.

धनश्री : बारा वर्षं मी नेटवाल्यांच्या तक्रारीच्या टेबलावर बसते. कुत्र्यानं वायर खाल्ली, सासूनं रागानं तोडली, सगळं ऐकलंय. राउटरला टोपडं आज पहिल्यांदा बघतेय. काढ ते आधी. आणि ह्या जाड जाड कोशांमागनं त्याला बाहेर आण, गुदमरलाय बिचारा. हं, लागलं वायफाय. आता बोला मामा, सुट्टीच्या दिवशी पाथर्डी रोडवरनं मला पळत बोलावलंत, कुठं जोडायचंय?

भिमाजी : कॅरमला. मोबाईलवरच्या. चारला यायला सांगितलं होतं. चार वीस झाले.

धनश्री : कुणी सांगितलं होतं?

भिमाजी : सहादूने. म्हणजे त्याच्या सुनेने, सुकन्याने. शिंगणापूरहून तिचा मेसेज आला, की आमचे मामंजी रोज दुपारी मोबाईलवर कॅरम खेळतात, तुमचं नाव काढतात, सोमवारी चार वाजता खेळायला या. खालती त्या खेळातल्या खोलीचा नंबर दिलाय. पत्र या सहादूचंच गं. म्हणून मी आधी पत्राचं सांगत होतो.

धनश्री : बरं, सांगा पत्राचं. तेवढ्यात मी अपडेट टाकते. हे ॲप तुम्ही घेतल्यापासून एकदाही अपडेट केलेलं नाही.

भिमाजी : आम्ही जोडीने खेळायचो. जिल्ह्याच्या स्पर्धेत अंतिम फेरीत गेलो. सामना श्रीरामपूरला होता. सहादू तिकडून परस्पर गेला. मी माळीवाड्याच्या स्टँडवर गेलो. बस आली. मी चढलो नाही. मग दुसरी आली.

विजयमाला : तिसरी बी सोडली. मग भजी खाऊन घरी. तिकडं त्यो गडी चाळीस मिंटं बोर्डापाशी पावडर चोळीत बसला. शेवटी पंचांनी समोरच्यांना न खेळताच जिंकवलं.

धनश्री : का चढला नाहीत?

भिमाजी : त्यानेही पत्रात तेवढंच विचारलं होतं. 'का आला नाहीस एवढं कळव, मी रागावणार नाही.' आंतर्देशीय होतं. बाकी सगळं कोरं.

धनश्री : आणि तुम्ही काहीच लिहिलं नाही?

विजयमाला : लिवलं की, अकरा येळा. एकात ताप आला, एकात गाडी पंक्चर झाली, एकात सासूबाईंना मारलं. सासूबाई तवा चुलीपुढं बसून मला नावं ठेवीत हुत्या.

भिमाजी : ते मी पोस्टात टाकलं नाही.

विजयमाला : म्हनून तर जगल्या आनखी नऊ वर्षं.

धनश्री : मामा, तुमच्या मोबाईलची तारीख परवाची आहे.

भिमाजी : ती मीच पुढे ठेवलीय. दोन दिवस हाताशी असलेले बरे. काही चुकलं तर सावरता येतं.

धनश्री : अहो, तुमच्यासाठी तिकडच्या मशीनला परवा उजाडत नाही. असलं काही बघितलं की ते आत घेत नाही. झालं, आजची केली. आता साधा फोन करून त्यांना सांगा ना, जोडतोय, थांब म्हणून.

भिमाजी : फोनवर बोलावं लागतं. कॅरमला कुणी बोलत नाही, म्हणून तर मी हो म्हटलं. घाई कर जरा. मी आलोच नाही असं त्याला वाटता कामा नये. एकदा वाटलंय, तेवढं पुरे.

विजयमाला : मला इचाराल तर ह्यो मिलिटरीचा परताप हाय. बाजूच्या कँटोनमेंटमधी ते नेट दाबून धरत्यात.

धनश्री : मामी, मिलिटरीला मामाच्या कॅरमचं काय पडलंय? थांबा, मी तिऱ्हाइताच्या एका खोलीत शिरून बघते. हे बघा, झटक्यात लागलं. समोर कुणी नाशिकचा बसलाय. म्हणजे नेट ठीक, मोबाईल ठीक, ॲप ठीक. आता त्या खोलीच्या नंबराने जोडा. काय लिहून येतंय?

भिमाजी : तेच आपलं. नेहमीचं.

धनश्री : नेहमीचं म्हणजे काय?

भिमाजी : काही नाही, खाली 'ठीक आहे' असतं. ते मी दाबतो.

धनश्री : वर काय असतं? मोबाईल इकडे करा. मामा, छातीशी काय धरताय, इकडे करा म्हणते ना. 'खोली भरली आहे. येथे आता आपली गरज नाही.'

विजयमाला : अगं बया.

धनश्री : हे चारपासून येतंय?

भिमाजी : चारला पाच कमी असल्यापासून. मला वाटलं, त्याने दुसरा जोडीदार घेतला. बोलावून घेऊन मग दाखवायचं, की बघ. तसं असेल तर त्याचं चूक नाही. पण तुझ्या मामीसमोर वाचवेना.

धनश्री : आणि मी पाव तास टोपडी काढत बसले. मामा, हे कुणी माणूस बोलत नाहीये. इंग्रजीचं मराठी करणाऱ्या मशीनला माणुसकी नाही, एवढाच अर्थ. चार जागा आहेत, चार भरल्यात. सुकन्याचा नंबर द्या, मीच विचारते.

(ती फोन लावते. दुसऱ्या बाजूचं बोलणं तिच्याच तोंडून ऐकू येतं.)

धनश्री : सुकन्याताई, भिंगारहून बोलतेय, भिमाजीमामांची भाची. हो, ते कधीचे दारात उभे आहेत. खोलीत कोण कोण आहे तुमच्या? … कानपूरचा एक, सुरतचा एक, आणि एकाचं नाव नुसतं 'किलर नव्याण्णव'. आणि तुमचे मामंजी. … ओळखीचे आहेत? … नाहीत. मग आले कसे? … पासवर्डच नाही लावला?

भिमाजी : काय म्हणतायत?

धनश्री : म्हणतायत, मामंजी लावू देत नाहीत. घराच्या खोलीला कडी नाही, दुकानाला कुलूप नाही, आणि मोबाईलच्या खोलीला लावून मी गावात तोंड कसं दाखवू, असं म्हणाले. त्यामुळे रोज पाच मिनिटांत सगळा हिंदुस्थान आत येऊन बसतो. आणि हे प्रत्येकाला विचारतात, दर्शनाला कधी येताय, गाडी आमच्या दुकानापाशी लावा, पैसे पडत नाहीत.

विजयमाला : गडी बदलला न्हाई.

धनश्री : ताई, त्यांना म्हणावं एकाला बाहेर काढा. नावावर बोट दाबलं की निघतो. … नाही म्हणतात? … आलेल्या माणसाला ऊठ कसं म्हणायचं, म्हणे. … काय? … थांबा थांबा, उठू नका म्हणावं त्यांना.

भिमाजी : कोण उठलं?

धनश्री : तेच. तुम्हाला जागा व्हावी म्हणून सहादूमामा स्वतःच उठले. मामा, तुम्ही आत गेलात. बघा, बोर्ड आला. पण आत तुम्ही, किलर, कानपूर आणि सुरत. ज्याच्या घरी आलात तो बाहेर.

भिमाजी : माझी पाळी आलीय का गं? हे आकडे कसले उलटे मोजतंय?

धनश्री : तुमचीच पाळी. मारा. ते तिघं थांबलेत.

भिमाजी : तिघंही बघतायत?

धनश्री : बघणारच, खेळच तो. अहो, स्ट्रायकर धरा… मामा, बाहेर का आलात?

भिमाजी : तो बाहेर आणि मी आत, हे बरं दिसत नाही. म्हणून मी उठलो. आता त्याला बसू दे.

धनश्री : बसू दे काय, तुमच्या जागेवर लुधियाना येऊन बसला. चौघं परके खोलीत कॅरम खेळतायत आणि दोघं मालक ओट्यावर. हे बघा, 'बाहेर थांबलेले, दोन'. सहादू आणि भिमाजी.

विजयमाला : खरं सांगा. त्याच्यासाठी उठला का भिऊन उठला?

भिमाजी : दोन्ही.

विजयमाला : किती किती?

भिमाजी : त्याच्यासाठी चार आणे.

धनश्री : हं, बोला ताई. … अच्छा. … अच्छा. … मामा, सहादूमामांनी बघितलं. तुमचं नाव आत आलेलं, आणि गेलेलं. विचारतायत, आला आणि परत का गेला.

भिमाजी : सांग त्यांना, नेट गेलं.

विजयमाला : बारावं.

भिमाजी : काय?

विजयमाला : अकरा कारनं खोटी झाली, ह्ये बारावं. सांग गं, सांग नेट गेलं म्हनून.

धनश्री : मामा, नेट गेलं म्हणून सांगू? माझं कामच ते. दिवसातनं चाळीस वेळा सांगते.

भिमाजी : नको. थांब जरा.

धनश्री : ताई फोन त्यांच्या हातात देते म्हणतायत. तुम्ही घ्या, दोन शब्द बोला. मुंडी काय हलवताय, त्यांना दिसत नाही. … काय म्हणाले? … मामा, ते पण नाही म्हणाले. 'मी पत्र लिवलं हुतं, तोंडी इचारलं नव्हतं. त्यानं बी लिवून कळवावं.' आणि पाचला यात्रेकरूंची गाडी येणार आहे, ते दुकानावर जातील. मग मोबाईलला हात लावत नाहीत.

भिमाजी : पोस्ट कितीला बंद होतं?

विजयमाला : आवं, समोर बसलाय त्यो.

धनश्री : मामा, बाहेर थांबलेल्यांना लिहिता येतं. ही चौकट बघा. ऐंशी अक्षरं मावतात. लिहिलं की सगळ्यांच्या स्क्रीनवर दिसतं.

भिमाजी : सगळ्यांच्या म्हणजे किलरच्याही?

धनश्री : किलर, कानपूर, सुरत, लुधियाना. खोलीला दार नाही म्हटल्यावर सगळ्यांनाच.

विजयमाला : त्यांना कुठं मराठी येतंय? आन् आलं तर येऊ द्या. श्रीरामपुरात दोनशे मान्सं बघणार हुती, हितं चार हायेत. सस्तात सुटताय.

भिमाजी : दे इकडे. मी लिहितो. … हे पुढे टाइपच होईना.

धनश्री : बघू. 'प्रिय मित्र सहादू यास सप्रेम नमस्कार. वि. वि. पत्रोत्तरास विलंब झाला याबद्दल प्रथम'. झाली तुमची ऐंशी. मायना संपेपर्यंत जागा संपली.

भिमाजी : मायन्याशिवाय पत्र कसं लिहायचं?

धनश्री : त्यांनी मायना नाही विचारला.

विजयमाला : चार चाळीस.

भिमाजी : वाचून दाखवतो. नको, तुम्ही दोघी तिकडे बघा. नाही, वाचतोच. 'बस आली होती. मी चढलो नाही. लोक बघतील म्हणून घाबरलो. आताही तसाच उठलो.'

धनश्री : मावलं?

भिमाजी : मावलं. नाव लिहायला पण जागा उरलीय. इतकं लहान होतं हे. 'घाबरलो'च्या ऐवजी 'संकोच वाटला' केलं तर?

विजयमाला : करा, आन् मंग आंतर्देशीय घेऊन बसा आनखी तीस वर्षं.

भिमाजी : बरं. घाबरलोच राहू दे. विरामचिन्हं तपासलीस का गं?

धनश्री : ताई, फोन ठेवू नका, मामंजींना उठू देऊ नका. मामा, बाण दाबा.

भिमाजी : दाबला.

विजयमाला : गेलं का?

भिमाजी : गेलं. दिसतंय वरती, किलरच्या नावाखाली. पाठवलेलं मागे घेता येतं का गं?

धनश्री : येतं. पण ते मी तुम्हाला शिकवणार नाही.